सायकलस्वाराचा अपघात आणि त्याचा संकेतांक



सायकल शिकलेल्या माणसाच्या कोपरावर अगर गुडघ्यावर एखादा तरी जुना वण सांपडतोच, आणि तो कसा पडला हें त्याच्या घरांत सर्वांस ठाऊक असतें. उतार कोणता होता, सायकल कोणाची होती, ब्रेक लागला कीं नाहीं, मागें कोण बसलें होतें, हा सगळा तपशील वर्षानुवर्षें टिकतो. परंतु अपघात मोठा असला, हाड मोडलें किंवा डोक्यास मार लागला आणि माणसास रुग्णालयांत न्यावें लागलें, म्हणजे हीच हकीकत पायरीपायरीनें आखूड होत जाते. घरचीं माणसें ती दहा मिनिटें सांगतात. अपघात-विभागांतील डॉक्टर तिच्या दोन ओळी करतात. आणि पुढें रुग्णालयाच्या नोंद-विभागांत बसलेला कर्मचारी त्या दोन ओळींचें एक अक्षर व तीन-चार अंक करतो. केसपेपर कपाटांत जातो. शहराच्या, देशाच्या आणि जगाच्या हिशेबांत उरतात ते हे अंक. ते कसे बनतात, त्यांत काय मावतें आणि काय गळून जातें, हें आज आपणांपुढें मांडावयाचें आहे.

ह्या अंकांमागें जो ग्रंथ आहे त्याचें नांव 'रोगांचें आंतरराष्ट्रीय वर्गीकरण'. इंग्रजी आद्याक्षरांवरून त्यास आय. सी. डी. म्हणतात. माणसें कशानें मरतात हें सर्वत्र एका भाषेंत लिहिलें नाहीं, तर दोन गांवांची तुलनाच करतां येत नाहीं, ही अडचण इंग्लंडांत विल्यम फार यानें १८३९ सालींच मांडली होती. पॅरिसचा संख्याशास्त्रज्ञ झाक बर्टिलाँ यानें तयार केलेली मृत्युकारणांची यादी १८९३ सालीं शिकागो येथें आंतरराष्ट्रीय संख्याशास्त्र संस्थेपुढें आली आणि तेथून ती देशोदेशीं पसरली. (गुन्हेगारांच्या शरीराचीं मापें घेऊन त्यांस ओळखण्याची पद्धति काढणारा आल्फोन्स बर्टिलाँ हा त्याचाच भाऊ. माणसांस खणाखणांत बसविण्याचा नाद त्या घराण्यासच असावा.) १९४८ सालच्या सहाव्या आवृत्तीपासून जागतिक आरोग्य संघटनेनें हें काम हातीं घेतलें, आणि मृतांबरोबरच जिवंत रुग्णांचे रोग व इजाही त्यांत आल्या. दहावी आवृत्ति १९९० सालीं मान्य झाली. अकरावी २०१९ सालीं मान्य होऊन १ जानेवारी २०२२ पासून अमलांत आली. पण पुष्कळ रुग्णालयांच्या कागदांवर अजून दहावीचेच अंक दिसतात, म्हणून आजचें विवेचन मुख्यतः तिच्याच आधारें आहे.

इजेच्या बाबतींत हें वर्गीकरण दोन स्वतंत्र प्रश्न विचारतें. काय मोडलें, हा पहिला. कशानें मोडलें, हा दुसरा. दोहोंचीं उत्तरें दोन वेगळ्या प्रकरणांत असतात आणि एकाच अपघातास दोन संकेतांक मिळतात.

पहिल्याचें उत्तर बहुधा 'एस' या अक्षरानें सुरू होतें. आपल्याकडे नखशिखान्त म्हणण्याची रीत आहे. हें वर्गीकरण मात्र शिखेपासून नखाकडे उतरतें. अक्षरानंतरचा अंक शून्य असला तर डोकें, एक म्हणजे मान, दोन छाती, तीन पोट व कंबर, चार खांदा व दंड, पांच कोपर व त्याखालचा हात, आणि असें करीत करीत नऊ म्हणजे घोटा व पाऊल. त्यापुढचा अंक इजेचा प्रकार सांगतो: शून्य म्हणजे वरवरचें खरचटणें, एक म्हणजे उघडी जखम, दोन म्हणजे अस्थिभंग, तीन म्हणजे सांधा निखळणें किंवा मुरगळणें. आतां 'एस ५२.५' वाचून पाहा. पांच, म्हणजे कोपराखालचा हात. दोन, म्हणजे हाड मोडलें. टिंबानंतरचा पांच म्हणजे आंगठ्याच्या बाजूच्या हाडाचें मनगटाकडील टोंक. सायकलवरून पुढें फेंकला गेलेला माणूस स्वतःस सांवरण्यासाठीं हात पुढें टाकतो, सगळा भार तळव्यावर येतो आणि नेमकें हेंच टोंक मोडतें. हात पुढें टाकण्यास सवड मिळाली नाहीं व खांद्यावर पडला, तर गळ्याजवळचें हाड मोडतें. तें 'एस ४२.०'. मेंदूस नुसता हादरा बसला असेल तर 'एस ०६.०', आणि मेंदूच्या वेष्टणाखालीं रक्त सांचलें असेल तर 'एस ०६.५'. शेवटच्या दोन अंकांत जीवनमरणाचें अंतर असूं शकतें.

लहान मुलांच्या दोन इजा येथें मुद्दाम सांगण्यासारख्या आहेत, कारण घरांत त्यांची उपेक्षा होते. मूल सायकलसह कलंडतें, हँडल वळतें आणि त्याचें टोंक पोटांत रुततें. बाहेर जखम नसते, फार तर वाटोळा लाल वळ दिसतो. मूल उठून घरीं येतें, आणि कांहीं तासांनीं, क्वचित् दुसऱ्या दिवशीं, पोट दुखूं लागतें, ओकाऱ्या होतात. आंत प्लीहा फाटलेली असूं शकते किंवा स्वादुपिंडास दुखापत झालेली असते. प्लीहेच्या इजेचा अंक 'एस ३६.०'. दुसरी इजा कॅरिअरवर बसविलेल्या मुलाची. त्याचा पाय मागच्या चाकाच्या आऱ्यांत जातो आणि टांच सोलून निघते. इजा पावलाची म्हणून अंक 'एस ९०' च्या पुढील खणांत जातो. आई-बापांस ही इजा "पाय अडकला" एवढीच वाटते. परंतु टांचेवरची कातडी भरून येण्यास फार दिवस लागतात, हें शल्यवैद्य चांगलें जाणतात.

आतां दुसरा प्रश्न. कशानें मोडलें याचें उत्तर, वाहनाच्या अपघातांत, 'व्ही' या अक्षरानें सुरू होतें, आणि तें म्हणजे एक लहानसें वाक्यच असतें. व्याकरणाच्या भाषेंत सांगावयाचें तर पहिला अंक कर्म, दुसरा अंक कर्ता आणि टिंबानंतरचा अंक अधिकरण. पहिला अंक ज्यास इजा झाली तो कोण होता हें सांगतो: शून्य म्हणजे पादचारी, एक म्हणजे सायकलस्वार, दोन म्हणजे मोटारसायकलवाला, चार म्हणजे मोटारींतील माणूस. म्हणून सायकलस्वारांचे सारे संकेतांक 'व्ही १०' पासून 'व्ही १९' पर्यंत येतात. दुसरा अंक त्यास कशाची धडक बसली हें सांगतो. पादचारी किंवा जनावर असेल तर 'व्ही १०'. दुसरी सायकल असेल तर 'व्ही ११'. दुचाकी वा तीनचाकी यंत्रवाहन, म्हणजे स्कूटर किंवा आपली रिक्षा, असेल तर 'व्ही १२'. मोटार किंवा व्हॅन असेल तर 'व्ही १३'. मालमोटार किंवा बस 'व्ही १४'. आगगाडी 'व्ही १५'. बैलगाडीसारखें बिनयंत्राचें वाहन 'व्ही १६'. भिंत, खांब, झाड 'व्ही १७'. आणि कशाचीच धडक न बसतां आपण होऊन पडला तर 'व्ही १८'. टिंबानंतर चार असला तर माणूस स्वतः सायकल चालवीत सार्वजनिक रस्त्यावर होता. पांच असला तर तो मागें डबलसीट बसला होता. शून्य असला तर चालविणारा तोच, पण जागा रस्ता नसून अंगण, मैदान किंवा कारखान्याचें आवार होती. तीन असला तर तो चढतां-उतरतां पडला. 'व्ही १४.४' म्हणजे मग हें पुरें वाक्य झालें: सायकल चालविणाऱ्या माणसास, सार्वजनिक रस्त्यावर, मालमोटारीनें वा बसनें धडक दिली. मघांशीं ज्या मुलाचा पाय आऱ्यांत गेला त्याचा अपघात सायकलच्याच भागांत अडकल्याचा. तो 'व्ही १९.८' मध्यें बसतो.

हें व्याकरण किती काटेकोर आहे पाहा. एक सायकलस्वार आणि एक पादचारी एकमेकांवर आदळले व दोघांसही लागलें, तर अपघात एकच असून संकेतांक दोन होतात: पादचाऱ्याचा 'व्ही ०१', सायकलस्वाराचा 'व्ही १०'. चाक पंक्चर झालें म्हणून सायकल हातांत धरून चालणाऱ्यास मोटारीनें उडविलें, तर तो सायकलस्वार नव्हेच. त्या क्षणीं तो सायकलवर बसलेला नव्हता, म्हणून पादचारी. त्याच्या बायकोमुलांस हें विचित्र वाटेल, पण व्याख्या तशी आहे; आणि ती बरोबरही आहे, कारण त्या वेळीं त्यास रस्त्याकडून जें हवें होतें तें पादचाऱ्यास हवें असतें तेंच.

ज्यास इजा झाली त्यास वाक्याच्या आरंभीं बसविणें ही गोष्ट आतां सहज वाटते, पण ती पूर्वीं नव्हती. १९७५ सालच्या नवव्या आवृत्तींत रस्त्यावरील अपघातांची वांटणी मुख्यतः वाहनाच्या व टकरीच्या प्रकारावरून होत असे. मोटारीनें उडविलेला सायकलस्वार 'ई ८१०' ते 'ई ८१९' या मोटार-अपघातांच्या खणांत जाई, आणि तो सायकलस्वार होता एवढें शेवटच्या अंकावरून, म्हणजे शेपटाच्या सहावरून, कळे. मोटारीशीं संबंध न येतां पडलेला सायकलस्वार भलत्याच ठिकाणीं, 'ई ८२६' मध्यें. एका शहरांत एका वर्षांत किती सायकलस्वार जायबंदी झाले हें ज्यास पाहिजे, त्यानें निरनिराळ्या खणांतून शेपटें वेंचीत बसावें! दहाव्या आवृत्तीनें हा क्रम उलटा केला. अपघात टाळावयाचे तर जखमी माणूस कशावर बसून चालला होता हें आधीं कळलें पाहिजे, असें त्यामागचें कारण आहे. माझ्या मतें ह्या ग्रंथाच्या साऱ्या इतिहासांत सामान्य माणसाच्या इतक्या उपयोगाचा दुसरा फेरफार झालेला नाहीं.

पण वाक्य कितीहि चांगलें रचलें तरी शब्द कोणी तरी पुरवावे लागतात, आणि येथेंच सारें अडतें. नोंद-विभागांतील माणूस अपघात पाहत नाहीं, रुग्णासही पाहत नाहीं. तो फक्त केसपेपर पाहतो. त्यावर 'टेंपोनें धडक दिली' असें असेल, तर त्यानें काय करावें? मराठींत टेंपो हा शब्द तीन चाकांच्या मालवाहू गाडीसही लागतो, चार चाकांच्या लहान गाडीसही लागतो आणि चांगल्या मोठ्या मालमोटारीसही लागतो. पहिली 'व्ही १२', दुसरी 'व्ही १३', तिसरी 'व्ही १४'. केसपेपरावर 'सायकलवरून अपघात' एवढेंच असलें, तर 'व्ही १९.९', म्हणजे सायकलस्वार, रस्त्यावर, कशानें तें नमूद नाहीं. आणि पुष्कळदां तर तेवढेंही नसतें. रात्रीं दहा वाजतां, बांकांवर सहा माणसें विव्हळत असतां, डॉक्टर इंग्रजींत तीन अक्षरें लिहितो: आर. टी. ए., म्हणजे रस्त्यावरील अपघात. त्याला दोष कोणीं द्यावा? त्याचे हात रक्त थांबविण्यांत गुंतलेले असतात. परंतु ह्या तीन अक्षरांस ग्रंथांत ठरलेली जागा आहे. तिचा अंक 'व्ही ८९.२', आणि अर्थ असा कीं, कोणत्या तरी यंत्रवाहनाच्या अपघातांत कोणी तरी जखमी झालें. पावसाळ्यांत खड्ड्यांत चाक जाऊन एकटाच पडलेला सायकलस्वार, ज्याच्या आसपास त्या वेळीं एकहि मोटार नव्हती, तो ह्या तीन अक्षरांमुळें मोटार-अपघातांत मोजला जातो आणि सायकलस्वारांच्या यादींतून नाहींसा होतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२३ सालच्या अहवालाप्रमाणें २०२१ सालीं जगांत रस्त्यावरील अपघातांत सुमारें ११ लक्ष ९० हजार माणसें मेलीं, आणि त्यांत सायकलस्वार शेंकडा सहा होते. असा आंकडा उभा राहतो तो शेवटीं पोलिसांच्या पंचनाम्यांवर आणि रुग्णालयांतील ह्याच कागदांवर. ज्या शहरांत 'नमूद नाहीं' चा खण फुगलेला, तेथें सायकलस्वारांचा खण तितकाच रिकामा दिसणार. आणि रिकाम्या खणासाठीं रस्त्याच्या कडेला वेगळा पट्टा आंखावा, असें कोणत्याहि नगरपालिकेस वाटणार नाहीं. एके काळीं सायकलींचें शहर म्हणून गाजलेल्या पुण्यांतही आज रस्त्यावर जागा मागणारांस आंकड्यांचीच विचारणा होते.

म्हणून जखमीबरोबर जाणाऱ्या माणसानें केसपेपर लिहिला जात असतां चार गोष्टी तोंडानें स्पष्ट सांगाव्या: तो सायकलवर बसला होता कीं ती ढकलीत होता, चालवीत होता कीं मागें बसला होता, कशाची धडक बसली, आणि त्या वाहनास चाकें किती, जागा रस्ता होती कीं आवार. ह्याला अर्धें मिनिट लागतें. दूध घालणारा, वर्तमानपत्रें टाकणारा किंवा डबे पोंचविणारा कामावर असतां पडला असेल, तर तेंही सांगावें. पोटासाठीं काम करीत असतां झालेली इजा दाखविण्यास ह्या वर्गीकरणांत जादा अंक आहे, पण तो ऐच्छिक असल्यामुळें क्वचितच भरला जातो.

ऐच्छिकपणाची ही गोष्ट येथेंच संपत नाहीं. जिवंत रुग्णाच्या नोंदींत 'एस' हा अंक मुख्य, आणि 'व्ही' हा जोडीचा. ग्रंथाच्या नियमाप्रमाणें तो लिहिला तर उत्तम, न लिहिला तरी चालतो. अमेरिकेंत १ ऑक्टोबर २०१५ पासून दहाव्या आवृत्तीचें स्वतःचें विस्तृत रूप वापरांत आहे; त्यांत पहिली भेट, पुढील उपचार आणि मागाहून राहिलेला परिणाम यांसही वेगळें अक्षर आहे. तेथेंही बाह्य कारणाचा अंक लिहिण्याची सक्ति देशभर नाहीं. पेटलेल्या जल-स्कीमुळें भाजल्याचा अंक त्या ग्रंथांत आहे, यावर तेथील वर्तमानपत्रांनीं पुष्कळ विनोद केले. विनोद गमतीचे खरे, पण अडचण चमत्कारिक खण फार आहेत ही नसून नेहमींचे खण रिकामे राहतात ही आहे. आपल्याकडे विम्याच्या मागणीपत्राचा जो भाग रुग्णालयानें भरावयाचा असतो, त्यांत रोगाचा दहाव्या आवृत्तीचा अंक विचारलेला असतो. इजेच्या कारणापुढें मात्र 'रस्त्यावरील अपघात' असा एकच चौकोन आहे. सायकलस्वार आणि मोटारवाला दोघेही त्याच चौकोनांत खूण करून घेतात.

ग्रंथाचें स्वतःचेंही थोडें उणें आहेच. खड्ड्यांत पडलेल्याचा अंक, सारें नीट लिहिलें तरी, 'व्ही १८.४' एवढाच होतो, आणि खड्ड्यास त्यांत स्थान नाहीं. कुत्रें आडवें आलें म्हणून हँडल वळवून पडला, कुत्र्यास लागलें नाहीं, तर तेंही 'व्ही १८.४'. वाळू, तेल, उघडें गटार, सर्वांचा अंक एकच. ज्यानें पाडलें तें वाहन असेल तर त्याचें नांव येतें. ज्यानें पाडलें तो रस्ता असेल तर येत नाहीं. त्यांत आतां विजेवर चालणाऱ्या सायकली आल्या. ग्रंथाच्या व्याख्येप्रमाणें केवळ पायडलनें चालते तीच सायकल. यंत्राची जोड मिळाली कीं ती मोटारसायकलींच्या पंक्तींत जाते. अमेरिकन रूपांत ऑक्टोबर २०२२ पासून विजेच्या सायकलस्वारास वेगळे अंक मिळाले, तेही ह्याच पंक्तींत. एकच माणूस, एकच रस्ता, तीच मालमोटार. खालीं बॅटरी आहे कीं नाहीं एवढ्यावरून पहिला अंक एकाचा दोन होतो. अकराव्या आवृत्तीनें ह्या जुन्या आखीव खणांऐवजीं मूळ अंकास जोड-अंक लावण्याची सोय केली आहे. समोरचें वाहन कोणतें, डोक्यास शिरस्त्राण होतें कीं नाहीं, अशा गोष्टी त्यांतून एकामागून एक जोडतां येतात. अर्थात् केसपेपरावर त्या असल्या तर.

मृत्यूच्या बाबतींत नियम उलटा आहे, आणि तो अधिक कठोर आहे. तेथें मूळ कारण म्हणून 'एस' घेतां येत नाहीं. कवटी फुटली हें खरें, पण ती कशामुळें फुटली तें मूळ कारण. म्हणून 'व्ही १४.४' हाच मृत्यूचा अंक ठरतो. डॉक्टरनें प्रमाणपत्रावर 'मेंदूंत रक्तस्राव, कवटीचा अस्थिभंग' इतकें लिहून पुढची ओळ कोरी ठेवली, तर तो मृत्यु 'एक्स ५९' मध्यें जातो. हा खण अज्ञात कारणाच्या अपघातांचा. जिन्यावरून पडलेला, डोक्यावर वीट पडलेला आणि मालमोटारीखालीं सांपडलेला सायकलस्वार हे तेथें एकत्र येतात आणि त्यांना वेगळें काढण्याचा उपाय राहत नाहीं.

आपल्या देशांत जन्ममृत्यु-नोंदणीच्या १९६९ सालच्या कायद्याखालीं रुग्णालयांतील मृत्यूचें कारण प्रमाणित करण्यासाठीं जो नमुना क्रमांक ४ आहे, त्यांत कारणांच्या ओळींखालीं मृत्यु नैसर्गिक कीं अपघाती असें विचारलेलें असतें, आणि त्याच्यापुढें एक छोटा प्रश्न असतो: इजा कशी झाली? उत्तरासाठीं जागा थोडी आहे, पण 'सायकल चालवीत होता, रस्त्यावर मालमोटारीची धडक' एवढे शब्द तींत मावतात. २०२३ सालच्या दुरुस्तीनें ह्या प्रमाणपत्राची एक प्रत मृताच्या सर्वांत जवळच्या नातेवाईकास देणें रुग्णालयावर बंधनकारक झालें आहे.